वाढप्याचं एक वाक्य

“आधीच सांगून ठेवतो, ही गोष्ट तुम्हाला खरी वाटायची नाही,” मी म्हणालो आणि वर्गातल्या टेबलाच्या काठावर बूड टेकलं. “कारखान्याच्या हद्दीत आजवर ती कुणालाच खरी वाटलेली नाही. माझ्या सख्ख्या थोरल्या भावाला वाटली नाही, आणि तो तर त्या दिवशी समोर सतरंजीवर बसून सगळं डोळ्यांनी बघत होता!”

सातवीची पोरं खिदळली. मला बरं वाटलं. पोरं हसली की गोष्टीच्या चाकाला वंगण मिळतं.

पाटोळे सरांनी मला मुद्दाम बोलावून घेतलं होतं. साखर कारखान्याच्या या शाळेला यंदा पन्नास वर्षं झाली, म्हणून इंगळे बाईंनी पहिल्या काळात लिहिलेलं ‘शेवटची पंगत’ हे नाटक पोरं पुन्हा बसवत होती. दुसऱ्या दिवशी संमेलन. मूळ नाटकात काम केलेल्यांपैकी गावात टिकून राहिलेला मी एकटाच, म्हणून प्रमुख पाहुणाही मीच. सरांनी फळ्यावर मोठ्या अक्षरांत ‘वर्गभेद’ आणि त्याखाली ‘सामाजिक जबाबदारी’ असं लिहिलं होतं आणि या नाटकातून आपण काय शिकलो ते पोरांकडून वदवून घेणं चालू होतं. पोरं एका सुरात ‘सर्वांनी मिळूनमिसळून राहावे’ असं सांगत होती आणि जांभया देत होती.

तेवढ्यात पुढच्या ओळीतली एक मुलगी उठली. दोन वेण्या, बाह्या कोपरापर्यंत सारलेल्या.

“सर, मला हे काम नको.”

“ही आमची वाढपी,” सर मला म्हणाले. “तेजल, काय झालं आता?”

“अख्ख्या नाटकात मला एकच वाक्य. ते पण शेवटी. तोवर नुसतं पातेलं घेऊन फिरायचं.”

“म्हणून दाखव बघू,” मी म्हणालो.

हजेरी दिल्यासारखं ती म्हणाली, “उठा आता, मागं माणसं उभी आहेत.” आणि लगेच कंबरेवर हात. “अन् म्हणताना बघायचं कुणाकडं? सर म्हणतात, जेवणाऱ्या पंगतीकडं बघ. पंगतीकडं बघितलं की लोकांना माझी पाठ दिसती.”

“ते वाक्य माझं आहे, पोरी,” मी म्हणालो. “पहिला वाढपी मी. त्या वाक्यापायी मी काय काय केलं ते ऐक आणि मग खुशाल काम सोड.”

तर तेव्हा कारखाना नवा होता. मळीचा वास हवेत इतका की गावात चहाला साखर टाकत नसत. कप नुसता खिडकीत धरायचा. वडील बॉयलरवर होते. आम्ही कामगारांच्या चाळीत राहायचो.

संमेलन व्हायचं ऐन हंगामात. उसाच्या दोन ट्रॉल्या एकमेकींना चिकटवून, फळ्या पाडून स्टेज करायचे. पडदा साखरेच्या रिकाम्या पोत्यांचा, शिवून केलेला. त्याला मुंग्या इतक्या लागत की पडदा ओढायला माणूस ठेवावा लागत नव्हता. बाईंनी शिट्टी वाजवली की अर्ध्या मुंग्या डावीकडं घेऊन जात, अर्ध्या उजवीकडं.

“काहीही!” तेजल म्हणाली.

“मध्ये बोलू नकोस. मुंग्यांना राग येतो.”

समोर बसायची रीत अशी. सगळ्यात पुढं गेस्टहाऊसवरून आणलेला सोफा. त्यावर चेअरमनसाहेब. त्यामागं खुर्च्या, तिथं इंजिनियर, डॉक्टर, अकौंटंट आणि त्यांच्या बायका. त्यामागं सतरंजी, आमच्यासारख्या कामगारांची. सतरंजी संपली की एक काथ्याचा दोर बांधलेला असे आणि दोराच्या पल्याड उभे राहत कोपीवरचे लोक. बीडकडून ऊस तोडायला आलेले, पाचटाच्या कोप्या घालून राहणारे. दोर कशाला, असं मी एकदा वडिलांना विचारलं होतं. म्हणाले, “बैलं आत येऊ नयेत म्हणून.” मी काही कधी बैल नाटक बघायला आलेला पाहिला नाही.

इंगळे बाई सोलापूरकडच्या. अंगानं काडी, पण आवाज असा की वर्गात बोलल्या तर बॉयलरवरची माणसं चपापून उभी राहत. हंगामाच्या सुरुवातीला त्या स्वतः कोप्यांवर गेल्या, आयाबायांशी भांडल्या आणि पाच-सहा पोरं हाताला धरून शाळेत घेऊन आल्या. त्यांतला गहिनी माझ्या बाकावर बसायचा. गहिनीनाथ. बोलायचा कमी, आणि खडू चोरून खायचा.

नाटक बाईंनी स्वतः लिहिलं. इनामदाराच्या घरी लग्न आहे. ज्यांनी मांडव घातला, लाकडं फोडली, पाणी भरलं, ते लोक सकाळपासून जेवणाची वाट बघत उभे. आधी पाहुण्यांची पंगत बसते, खाते, ढेकर देते, पुन्हा वाढून घेते आणि उठतच नाही. का उठत नाही? कारण पंगतीत मानाचा माणूस उठल्याशिवाय बाकीच्यांनी उठायचं नसतं, आणि मानाचा माणूस इनामदार स्वतः. तो बसलाय मांडी ठोकून. शेवटी मांडववाल्याचं पोरगं येऊन भाकरतुकडा मागतं, इनामदार म्हणतो, “संपलं.” आणि तोवर मुक्यानं फिरणारा वाढपी पातेलं खाली ठेवतो आणि म्हणतो, “उठा आता, मागं माणसं उभी आहेत.” पडदा.

वाढपी मी. मला ते वाक्य मिळालं तेव्हा मी घरी उड्या मारत गेलो. आमच्या घराण्यात तोवर कुणी कुणाला ‘उठा’ म्हटलेलं नव्हतं. आम्हालाच सगळे म्हणायचे.

आता शाळेचा एक नियम होता. नाटकातले कपडे ज्यानं त्यानं घरून आणायचे. त्यामुळं कोण काय होणार हे बाई ठरवतच नसत, कपाटं ठरवत. ज्याच्या घरी कोट, तो इनामदार. कोट होता चीफ इंजिनियर दीक्षितसाहेबांकडं, त्यांचा लग्नातला. म्हणून त्यांचा शिरीष इनामदार झाला. आणि गहिनी अंगावरच्या सदऱ्यानिशी मांडववाल्याचं पोरगं झाला.

तालमीला पहिल्याच दिवशी घोडं अडलं.

“गहिनी, म्हण. ‘मालक, भूक लागली.’ पोटावर हात ठेव आणि रड,” बाई म्हणाल्या.

गहिनीनं हात पोटावर नेलाच नाही.

“अरे, म्हण ना.”

“आमी असं नाय म्हनत, बाई.”

“मग भूक लागल्यावर काय करता?”

“झोपतो.”

बाईंनी हातातला कागद सरळ केला. मग विचारलं, “तुला काय व्हायला आवडेल?”

“इनामदार.”

“का रे?”

“त्यो बसून जेवतो.”

तेवढ्यात शिरीष पुढं आला. गोरा, गुबगुबीत, केसांना तेल चोपडलेला. “बाई, मला उपाशी करा ना! उपाशी माणसाला किती वाक्यं आहेत. मला नुसतं ‘वाढा’ आणि ‘संपलं’. माझी आत्या मुंबईहून येणार आहे बघायला.”

बाई एकाकडं बघत, मग दुसऱ्याकडं. एकाला बसून जेवायचं होतं, एकाला टाळ्या हव्या होत्या. “करा अदलाबदल,” त्या म्हणाल्या.

आणि काय सांगू तुम्हाला! शिरीषनं गहिनीचा सदरा चढवला आणि असा रडला की खिडकीत बसलेल्या कावळ्यानं तोंडातला पाव खाली टाकला. आणि गहिनी कोटात शिरला तर माणूस दिसेचना. नुसता कोट चालत येतोय आणि वर दोन डोळे. पण बसला मात्र असा, मांडीवर मांडी, की खऱ्या इनामदारानं शिकायला यावं.

ही बातमी दोन दिवसांत दीक्षितबाईंकडं पोचली. तिसऱ्या दिवशी त्या हेडसरांच्या खोलीत. आवाज आम्हाला वर्गात ऐकू येत होता.

“आमच्या शिरीषनं कोपीवरच्या पोराचा सदरा घालायचा? आणि ह्यांचा लग्नातला कोट त्या पोरानं? अहो, काही लहानमोठं आहे का नाही तुमच्या शाळेत?”

टिकेकर हेडसर भला माणूस. फक्त त्यांना पाठीचा कणा देताना देवाचा हात आखडला होता. संध्याकाळी तालमीला आले, नाटकाचे कागद मागून घेतले आणि लाल पेन्सिल काढली.

“ज्याचे कपडे त्याचं काम. शिरीष इनामदार. आणि हे काय? ‘उठा आता’?”

“वाढप्याचं वाक्य आहे सर,” बाई म्हणाल्या. “नाटक त्याच्यावरच उभं आहे.”

“बाई, पहिल्या रांगेत चेअरमनसाहेब बसतात. त्यांच्या समोर कुणी कुणाला ‘उठा’ म्हणायचं नाही. वाढप्यानं नुसता नमस्कार करावा. छान दिसतो.” आणि त्यांनी माझ्या वाक्यावर रेघ ओढली.

माझं एकुलतं एक वाक्य, पोरांनो! म्हातारीची एक शेळी असते आणि तीच वाघ नेतो, तशी गत. डोळ्यांत पाणी आलं, पण त्याच पाण्यात मी ठरवून टाकलं. हे वाक्य मी म्हणणार. मग हेडसर शाळेतून काढोत नाहीतर बॉयलरमध्ये घालोत.

हेडसर गेल्यावर बाईंनी मला बाजूला घेतलं. “हिंदुराव, ते वाक्य तू विसरशील का रे?”

“नाही बाई. मेलो तरी नाही.”

“मग माझ्यासमोर म्हणू नकोस. हेडसरांनी विचारलं तर मला खरं सांगावं लागतं.” एवढं बोलून त्या पडद्याची शिवण तपासायला गेल्या.

मी एकट्यानं तालीम सुरू केली. चाळीत म्हणायची सोय नव्हती, म्हणून म्हशीपुढं म्हणायचो. पहिल्या दिवशी म्हैस बसून राहिली. म्हटलं, हिंदुराव, तुझ्या आवाजात दम नाही. दुसऱ्या दिवशी तिनं नुसता कान हलवला. आठवडा सरता सरता मी “उठा आता” म्हटलं की म्हैस ताडकन उभी राही, आणि तिच्या बरोबर शेजारच्या गोठ्यातल्या तिन्ही. दूध कमी झालं म्हणून आईनं वैद्याला दाखवलं.

“म्हैस उठायची?” तेजलनं विचारलं.

“उठायची म्हणजे काय! आजही तिचे वंशज माझा आवाज ऐकला की बसत नाहीत.”

पोरं फुटली. तेजलही हसली, पण मग म्हणाली, “पुढं सांगा. म्हटलं का नाही?”

संमेलनाच्या दिवशी दुपारीच मैदान भरलं. चेअरमनसाहेब आले, त्यांनी नाटकाच्या ताटातल्या कागदाच्या जिलेब्या बघितल्या आणि म्हणाले, “कारखाना साखरेचा आणि पोरं कागद खाणार? ए, कँटीनला सांगा!” झालं! घमेलंभर जिलेब्या आल्या. गरम. पडद्यामागं त्यांचा वास सुटला आणि मुंग्या पडदा सोडून निघाल्या. शिट्टी वाजवून वाजवून बाईंचा घसा बसला.

मी धोतर नेसत होतो. कोपऱ्यात शिरीष कोटाची बटणं काढत होता.

“गहिनी, चल लवकर. सदरा दे.”

“हेडसर मारतील.”

“मला नाही मारणार,” शिरीष म्हणाला, आणि ते खरं होतं. “मला रडायचंय. मी सकाळपासून जेवलो नाहीये, रडणं खरं यावं म्हणून.”

गहिनीनं एकदा घमेल्याकडं बघितलं आणि सदरा काढला. बाई दोन हात अंतरावर उभ्या होत्या. त्यांनी पाठ फिरवली आणि आधीच व्यवस्थित असलेल्या समईची वात पुढं सारत राहिल्या.

पडदा सरकला. पाटावर इनामदार म्हणून गहिनी. पुढच्या खुर्च्यांवर एक उसासा उमटला. दीक्षितबाईंनी नवऱ्याचा कोट ओळखला होता. दोराच्या पल्याडून मात्र कुणीतरी ओरडलं, “आरं, आपला गहिनी! बग की, सायेब झाला!”

मी वाढायला लागलो. पंगतीतली बाकीची पोरं नाटकातल्यासारखी खात होती. गहिनी खरं खात होता. एक जिलेबी तोंडात, एक कोटाच्या खिशात. एक तोंडात, एक खिशात. पाक कोटातून गळून पाटावर थेंब थेंब पडायला लागला. लोक हसून लोळत होते. चेअरमनसाहेबांनी तर मांडीवर थाप मारली. आणि दोराच्या पल्याड गहिनीची माय धाकट्या पोरीला खांद्यावर घेऊन उभी होती. तिला दिसावं म्हणून तो प्रत्येक जिलेबी आधी वर धरायचा, मग खिशात टाकायचा.

मग शिरीष आला. फाटका सदरा, गुडघ्यावर माती. दिवसभराचा उपाशी. समोर जिलेबीचा वास. त्यानं तोंड उघडलं आणि बाईंचं वाक्य त्याच्या डोक्यातून पार पुसून गेलं.

“मालक...” तो म्हणाला. आणि मग एकदम हुंदकाच आला. “आई, मला खरंच भूक लागलीय!”

दीक्षितबाई खुर्चीवरून उठल्याच. “अहो, द्या हो त्याला एक! सकाळपासून जेवला नाहीये माझा मुलगा!”

सगळ्या माना त्यांच्याकडं वळल्या. आणि दोराच्या पल्याडून गहिनीच्या मायचा आवाज आला, अगदी समजूत घातल्यासारखा.

“बाई, घाबरू नगा. नाटक हाये ते. तिथं माझंच लेकरू बसलंय न्हवं? ते दील त्याला.”

मी गहिनीकडं बघितलं. सगळ्यांनी बघितलं. त्याचा हात खिशाकडं गेला. खिसा टम्म फुगलेला. त्यानं शिरीषकडं बघितलं, मग लांब मायच्या खांद्यावरच्या बहिणीकडं. मग खिसा वरून घट्ट दाबून धरला आणि हळू आवाजात म्हणाला, “संपलं.”

वाक्य नाटकातलंच होतं. पण इंगळे बाई पडद्यामागं मटकन खाली बसल्या.

आता माझी पाळी. हेडसर बाजूच्या पडद्याआडून मला हात जोडून दाखवत होते, नमस्कार कर, नमस्कार कर. पण मी पातेलं खाली ठेवलं. गहिनीसमोर गेलो. मानाचा माणूस तो, तो उठल्याशिवाय पंगत उठणार नव्हती.

“उठा आता,” मी म्हणालो, “मागं माणसं उभी आहेत.”

गहिनीनं मान वर केली. आणि माझ्या एकट्यालाच ऐकू जाईल असं म्हणाला, “हिंद्या, बसू दे की रं अजून जरा. कधी बसलो व्हतो?”

मी तिथंच थांबलो.

वर्गात आता कुणी हसत नव्हतं. तेजल बाकाच्या कडेवर आली होती. “मग? नाही म्हटलं पुन्हा?”

म्हणायचं कुणाला? आठ दिवस म्हशीपुढं घासलेलं वाक्य, आणि ते सांगायला मिळालं कोण, तर आयुष्यात पहिल्यांदा पाटावर बसलेला गहिनी. त्याला उठवून मी कुणाला बसवणार होतो? पण वाक्य तर तोंडात होतं. गिळता येत नव्हतं. मग मी सावकाश वळलो. पंगतीला पाठ केली. समोर सोफा होता. त्यामागं खुर्च्या. त्यामागं सतरंजी, तिच्यावर आमचे वडील, आणि त्यामागं दोर, आणि दोराला टेकून गहिनीची माय.

मी चेअरमनसाहेबांच्या डोळ्यांत बघितलं. आणि ज्या आवाजात म्हशी उठायच्या, त्या आवाजात म्हणालो, “उठा आता. मागं माणसं उभी आहेत.”

हेडसरांच्या हातातली लाल पेन्सिल खाली पडली, ती अजून घरंगळते आहे.

कारखान्याचा भोंगा व्हायचा होता तो थांबला. चेअरमनसाहेब बघत राहिले. मिशी एकदा डावीकडं गेली, एकदा उजवीकडं. आणि मग ते उठले! कुणी म्हणतं पायाला मुंग्या आल्या होत्या म्हणून उठले, आणि मुंग्या आमच्या पडद्याच्या असतील तर त्याचंही श्रेय आमचंच. पण उठले. सोफा मऊ होता, तोही त्यांच्या मागं थोडा उठला. आणि मानाचा माणूस उठला म्हटल्यावर रीत ती रीत. खुर्च्या खडाखडा सरकल्या. इंजिनियर उठले, डॉक्टर उठले, दीक्षितबाई तर उभ्याच होत्या. सतरंजी उठली. माझे वडील उठताना मी पाहिले, त्यांना वाटलं राष्ट्रगीत आहे.

पुढची सगळी जागा मोकळी. आणि गहिनीच्या मायनं दोर वर उचलला, वाकून खालून आत आली. तिच्या मागून सगळी टोळी. ती येऊन सोफ्यावर बसली ती इतकी खोल गेली की नुसतं हसू वर राहिलं. मग कुठं गहिनी पाटावरून उठला. ट्रॉलीवरून उडी मारली आणि कोटाचे दोन्ही खिसे मायच्या ओटीत रिकामे केले.

“अन् शिरीषला?” तेजलनं विचारलं.

“दिली की. एक. गहिनीच्या मायनं स्वतः बोलावून दिली. त्यानं ती खाल्ली आणि पुन्हा रडला, या वेळी कशाला कोण जाणे.”

पोरं गप्प झाली होती. अशी शांतता मिळाली की माझ्यासारख्याला आवरत नाही. भरल्या ताटावर तूप वाढावं तसं मी आणखी थोडं वाढलं.

“आणि त्या दिवसापासून, पोरांनो, या शाळेच्या संमेलनात सोफा नाही. खुर्ची नाही. दोर तर नाहीच नाही. सगळा गाव एका सतरंजीवर बसतो. का? तर एका वाढप्यानं आपलं एक वाक्य सोडलं नाही म्हणून!”

पाटोळे सर एकदम खिडकीबाहेर बघायला लागले.

तेजल उठून उभी राहिली.

“खोटं.”

“काय खोटं, पोरी?”

“मुंग्या चालवून घेतल्या. म्हैस पण चालवून घेतली. पण हे खोटं हाये, आजोबा. मैदानात जाऊन बघा की. सोफा सकाळी आम्हीच आणला गेस्टहाऊसवरनं, ह्या पोरांनी अन् मी. त्याच्यामागं खुर्च्या मांडल्या. दोर पण बांधून झालाय. माझी माय उद्या ऊसतोडीवरनं लवकर येणार हाये, अन् ती दोराच्या पल्याडच उभी राहणार.” तिनं वेणी मागं टाकली. “सर, वाढपी मीच करणार. अन् आजोबा, सोफ्याच्या शेजारची पहिली खुर्ची तुमची हाये. तुमच्या नावाचा कागद मीच चिकटवलाय तिला. उद्या मी पंगतीकडं न्हाई बघणार. तुमच्याकडं बघूनच म्हणणार.”